जागल्या आणि वाटीभर दही

"अवं, उठा! जागल्या कुठाय?"

कमलबाईंची हाक ऐकून बलभीम अंगणातल्या बाजेवरून धडपडत आत आला. कोनाड्यात फडकं होतं. फडक्याखाली काहीच नव्हतं.

जागल्या म्हणजे माणूस नव्हे, खडा. ईट गावाजवळच्या त्या वस्तीवर विहीर खोदताना काळ्या खडकाच्या पोटातून निघाला. लिंबाएवढा, दुधी रंगाचा, रात्रंदिवस आपला आपण उजळलेला. हात लावावा तर गार. खोटं वाटत असेल तर ईटला जाऊन विचारा. लोक नाहीच म्हणतील, पण नाही म्हणताना एकमेकांकडं बघतील.

तापात डोळे गेलेल्या कमलबाईंना सूर्याच्या उजेडात काही दिसत नसे. जागल्याच्या उजेडात मात्र त्या सुईत दोरा ओवायच्या. खड्याची खोड एकच. तो ज्या घरात असेल तिथं दुधाला विरजण लागत नसे. म्हणून शेजारची द्वारकाबाई रोज सकाळी वाटीभर दही आणून द्यायची.

आणि उद्या लेक येणार होती, तान्ह्या नातीला घेऊन. कमलबाईंनी नातीचं तोंड अजून पाहिलं नव्हतं.

पोलीस पाटील शिवकांता आली तेव्हा कमलबाई भाकरीपुढं नुसत्याच बसल्या होत्या.

"रात्री कुठं होता मावशी?"

"अंगणात. उन्हाळ्याचं घरात कोण निजतंय? खडा झाकून ठिवला, दाराला नुसती कडी घातली."

"सकाळपासून घरात कोण आलं?"

"द्वारका तेवढी आली दही घिऊन. लई रडली माझ्यासंगं." त्यांनी वाटी बाजूला सारली. "दह्याला बी चव न्हाय आज. गाडग्याचा वासच येईना."

"दह्याला काय झालंय? तुझंच तोंड कडू झालंय," बलभीम म्हणाला.

शिवकांतानं त्याला बाहेर घेतलं. "काका, खडा विकायचं तुमच्या मनात होतं म्हणं?"

"व्हतं की. त्या विरुपाक्षानं ट्रॅक्टर देतो म्हणलं. मोह कुणाला न्हाय?"

"मग?"

"मग काय! हिनं त्या उजेडात माझ्याकडं बघितलं अन् म्हणली, किती म्हातारं झालात वो. बारा वर्सांनी कुणीतरी मला बघून हसलं, पाटीलताई. ट्रॅक्टर हसतो का?"

मुरूम गावचा व्यापारी विरुपाक्ष देवळाच्या ओसरीवर उतरला होता. शिवकांता दिसताच त्यानं आपणहून पिशवी पालथी केली. एक धोतर, विभूतीची डबी, शेंगदाण्याची चटणी.

"झडती घ्या ताई. मला ठाऊक होतं, पहिलं बोट माझ्याकडंच."

"खडा तुम्हालाच हवा होता ना?"

"हवा होता, आजही हवाय. म्हणून तर बसलोय. हातात आला असता तर तुमची वाट बघत बसलो असतो का? पहाटेच सीमा ओलांडून कर्नाटकात, आळंदला पोचलो असतो."

बोलण्यात तथ्य होतं.

ऊन डोक्यावर आलं. शिवकांता द्वारकाबाईच्या दारात टेकली. बाई एकटी, मूलबाळ नाही, नवरा कधीच गेलेला. गोठ्यात म्हैस रवंथ करत होती. दह्याचं गाडगं धुऊन भिंतीवर पालथं घातलं होतं.

"काकू, घोटभर ताक द्या. जीव चाललाय उन्हानं."

"ताक न्हाय बाई आज. चहा टाकते."

"म्हैस आटली काय?"

"छ्या! भरून देती."

"रात्री काही चाहूल?"

"मी मेली निजले की मढं." द्वारकाबाईनं पदर डोळ्यांना लावला. "कमलला सांगा, मी हाय. पैल्यासारखं हाताला धरून नेईन. बाळ कसं दिसतंय ते बी मी सांगीन तिला."

शिवकांता चहा न पिताच उठली. जाताजाता ती किराणा दुकानात डोकावली.

दिवस कलायच्या आत तिनं सगळ्यांना कमलबाईंच्या अंगणात बसवलं.

"खडा शेतात पुरला तर मातीच्या भेगांतून उजेड फुटतो," ती म्हणाली. "तो घरातच लपवावा लागतो. आणि जागल्या ज्या घरात, तिथं दही लागत नाही. विरुपाक्ष, देवळात पुजाऱ्याचं पंचामृताचं दही सकाळी लागलं होतं?"

"घट्ट. मीच खाल्लं."

"मग वस्तीवर दही कुणाकडं नाही? म्हैस भरून देते, तरी घरात ताक नाही. गाडगं धुऊन पालथं. तरीसुद्धा सकाळी वाटी मात्र वेळेवर आली." ती वळली. "काकू, दुकानदार अजून हसतोय. दारात म्हैस बांधलेल्या बाईनं पहाटे दह्याची प्लास्टिकची पिशवी नेली म्हणून. वाटी चुकली असती तर संशय आला असता, हो ना? मावशीच्या जिभेला गाडगं सापडलं नाही, ते उगाच नाही."

सगळ्यांच्या माना द्वारकाबाईकडं वळल्या.

"माझ्याकडं कशाला बघता?" द्वारकाबाई म्हणाली. पण आवाज फाटला होता.

बलभीम उठून शेजारच्या घरात शिरला, कोपरान् कोपरा धुंडाळला. द्वारकाबाईच्या कणगीत, ज्वारीच्या तळाशी त्याचा हात गेला आणि दाण्यादाण्यांतून उजेड वर आला.

त्यानं खडा आणून ओट्यावर ठेवला. अंगण दुधी झालं.

"का गं?" कमलबाईंनी विचारलं.

द्वारकाबाई खाली बघत बोलली. "बारा वर्सं तुझे डोळे मी व्हते. बाजारात मी, देवळात मी, तुझं कुंकू मी लावलं. हा मेला दगड आला अन् तू म्हणलीस, द्वारका, तू बस, मी जाऊन येते. सकाळच्या वाटीपुरती उरले मी."

"अन् माझी नात?"

"एकदा... एकदा तरी ती तुला माझ्याकडनं दिसावी असं वाटलं."

"एवढंच?" विरुपाक्ष पुटपुटला. त्याला हिशेब लागेना.

"तक्रार लिहून घेऊ का मावशी?" शिवकांतानं विचारलं.

कमलबाई समोर बसलेल्या मैत्रिणीकडं बघत राहिल्या. कपाळ, पिकलेल्या भुवया, सुजलेले डोळे. चोरी मान्य केल्यावर माणसाचं तोंड जसं दिसायला हवं तसं ते दिसत नव्हतं. रोजच्यासारखंच दिसत होतं.

"तक्रार नगं," त्या शेवटी म्हणाल्या. "जागल्यावर फडकं टाका."

"आता? अगं, आत्ताच तर आणला!" बलभीम म्हणाला.

"टाका म्हणते ना. द्वारका अशी मान खाली घालून घरला जाईस्तवर मला काय दिसाया नगं."