दार लावून घे

तिसऱ्या रांगेतली कडेची खुर्ची माझी. चार वर्षं, दर महिन्याचा पहिला रविवार, दुपारचा खेळ. आणि त्या दिवशी तिथे एक लिफ्ट दुरुस्त करणारा बसला होता, बाहीवर ग्रीसचा डाग आणि मांडीवर हत्यारांची पिशवी घेऊन.

"ही माझी जागा आहे," मी म्हटलं.

"तिकिटावर तर नंबर नाही..." तो हसला, पण एक खुर्ची सरकला. तेवढ्यानेच माझा राग पळाला, खोटं कशाला बोलू?

दर महिन्याला लागणारा आमचा तोच तो सिनेमा इतका वाईट आहे, की आम्ही चाळीसेक जण त्याच्यावर जीव टाकतो. नायकाची मिशी दर दृश्यात जागा बदलते. शेवटी नायिका मरता मरता म्हणते, "मी जाते... तू दार लावून घे." ओठ आधी हलतात, आवाज मागाहून येतो. ते वाक्य तिच्याआधी मी उभं राहून ओरडायचं, मग सगळ्यांनी, हा आमचा रिवाज. दिवसभर चष्म्याच्या दुकानात 'आता दिसतंय का?' विचारणाऱ्या मला तेवढाच काय तो मान.

तो पुढचे दोन महिनेही आला. एकदा त्याने माझ्या चष्म्याची सैल दांडी आपल्या स्क्रूड्रायव्हरने घट्ट करून दिली. मी चष्म्याच्या दुकानातली, तरी गुपचूप करून घेतली.

पण त्या शेवटच्या वाक्याला तो कधीच हसत नसे. चहा पिताना मी छेडलंच, नायिकेचं मरण इतकं मनाला लागतं का?

"तो आवाज माझ्या आईचा आहे," तो म्हणाला.

आवाज भरताना शेवटी नायिकेचा घसा बसला, म्हणून तेवढ्या एका वाक्यासाठी स्टुडिओत टायपिंग करणाऱ्या त्याच्या आईला माइकसमोर उभं केलं होतं. ती जाऊन दोन वर्षं झाली होती आणि तिचा आवाज दुसरीकडे कुठेच उरला नव्हता.

"दर वेळी वाटतं, आज ऐकू येईल. पण... तुमचा आवाज फार खणखणीत आहे."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पुढच्या खेळाला मी दारातच एकेकाला विनवलं, आज ते वाक्य ओरडू नका. काहींनी नाकं मुरडली. आमच्यातले सगळ्यांत जुने, मिशीमामा, म्हणाले की मग तुझं इथे कामच काय? तरी ते दृश्य आलं तेव्हा मी उभी राहिले, आणि ओठांवर बोट ठेवलं. सगळे गप्प झाले, मिशीमामासुद्धा.

"मी जाते... तू दार लावून घे."

एका बावरलेल्या बाईचा साधा, गोड आवाज. चार वर्षांत मी तो पहिल्यांदाच नीट ऐकला. शेजारी तो डोळे मिटून बसला होता. मी खाली बसून त्याचा हात धरला, आणि दिवे लागेपर्यंत त्याने तो सोडवून घेतला नाही.

बाहेर आल्यावर तो म्हणाला, "पुढच्या वेळी ओरड तू. कामाला निघताना आई रोज तेच वाक्य म्हणायची आणि स्वतःच हसत सुटायची... मीही ओरडेन, तुझ्या शेजारी बसून."

'तुम्ही'चं 'तू' कधी झालं, दोघांनाही कळलं नाही.

"पण आधी मी," मी बजावलं.

"तिथे आधी तूच. हे मात्र मी आधी म्हणणार..." तो थांबला. "मला तू आवडतेस."

आणि माझ्या त्या खणखणीत आवाजाचं काय झालं कोण जाणे, 'मलाही तू' हे मला दोनदा म्हणावं लागलं, तेव्हा कुठे त्याला ऐकू आलं.