दाजीबाचा शिव्यांचा निरोप

सातारच्या वारसा-प्रयोगशाळेत कमलच्या निरोपावर मनसुबामापकाचा दिवा लाल झाला, तशी कमल मटकन स्टुलावर बसली.

तोवर कायदा बदलला होता. मृत्युपत्राला कागद नको, साक्षीदार नको. फोनवर बोलून ठेवलं तरी चालायचं. फक्त माणूस ते मनापासनं बोलला का, एवढं यंत्रानं सांगायचं: हिरवा दिवा म्हणजे हो, लाल म्हणजे नाही.

बँडवाले दाजीबा अवघडे मरायच्या आधी कमलला फोनवर बोलले होते, "भवाने, बँड तुझ्या बोडक्यावर घालतोय. बाजे, गाडी, सगळं. मर त्यातच." रक्ताचं नातं नव्हतं, पण तिला वाढवली त्यांनीच. पुतण्या रोहिदासला मात्र, "आपणच आमचे वारस. बँड आपलाच समजावा."

"तिच्यावर रागावलेत," प्रयोगशाळेच्या डॉक्टर खांबेटे म्हणाल्या. "पुतण्याशी केवढी आदब."

"बाजे मोडीत घालणार मी," रोहिदास म्हणाला.

यंत्र बनवणारे मणेर डोकं खाजवत होते. "बाई, यंत्र शिकलंय चारचौघांच्या बोलण्यावर. ह्या माणसाच्या बोलण्यावर शिकवू की. बोलला तसं वागला, तर ते मनापासनं. फोन कुठं कुठं गेला, ते टॉवरला ठाऊक असतंय. जुने निरोप तेवढे द्या."

कमलनं मान खाली घातली. "माझ्याकडं नुसत्या शिव्याच आहेत, सर."

"द्या की," रोहिदास हसला. "माझेपण घ्या. कसे गोड बोलायचे काका, ते कळू दे."

यंत्र एकेक निरोप लावून बघायला लागलं. आधी रोहिदासला आलेले, मग कमलला नि बँडच्या पोरांना आलेले.

"आपल्या वास्तुशांतीस अवश्य येतो." गेले नाहीत.

"बारशाला हजर राहू." गेले नाहीत.

"मुडद्यांनो, तापानं फणफणलोय, तरी येतोय वाजवायला." गेले.

"कमळे, तुझ्या परीक्षेला येऊन तुझ्या तंगड्या मोडतो." गेले. पेपर सुटेपर्यंत फोन शाळेच्या दारातच होता.

मग कमलच्या शेवटच्या निरोपावर दिवा हिरवा झाला. रोहिदासच्या निरोपावर लाल.

कमलनं पदरात तोंड खुपसलं. रडती का हसती, कळेना.

"मला कधी एक शिवी दिली नाही काकानं," रोहिदास हळूच म्हणाला.

कमलनं डोळे पुसले. त्याच्याकडं बघितलं.

"ए मुडद्या, उद्या वरात आहे. ताशा घेऊन ये, नाहीतर तंगड्या मोडीन."

मणेरांनी हे बोलणं मापायला यंत्राकडं हात नेला, तर डॉक्टर बाईंनी तो धरला. "असू दे."

रोहिदास घसा खाकरून म्हणाला, "किती वाजता?"