आधी घंटा कोणाकडे?

गणिताच्या बाई आल्या त्या धुमसतच. खुर्ची पुढे केली तरी बसल्या नाहीत.

"ताई, उद्या शिक्षणाधिकाऱ्यांपुढे सुनावणी आहे. मी आणि भूगोलाचे सर एकाच वर्षी लागलो. मी आधी, ते नंतर. आता संस्थावाले म्हणतात, तेच ज्येष्ठ, म्हणून मुख्याध्यापक तेच. प्रवेशाला मी कुणाची शिफारस चालवून घेत नाही, हाच माझा गुन्हा!"

"पुरावा?" मावशींनी विचारलं. खासगी तपासाचा धंदा त्यांचा. हाताखाली सख्खा भाचा.

"रुजू झाल्याचं रजिस्टर होतं. ते ऑफिसच्या कपाटातून गायब झालंय. आणि तेव्हाचं माणूस आम्हा दोघांशिवाय कुणी उरलेलं नाही."

जन्मभर खडूची धूळ खाल्लेल्या बाईने आपण कधी लागलो हे सिद्ध करत फिरायचं! कुणाच्याही तळपायाची आग मस्तकात जावी अशीच ही गोष्ट.

"क्लार्कनेच विकलं असणार," भाचा जिना उतरताना म्हणाला.

"सगळ्यात कमी पगार दिसला की तुझा संशय तिथेच जातो. चल."

शाळेत संस्थेचे चिटणीस गोड हसत भेटले. "चोरांनी कपाटाचं कुलूप फोडलं हो. मी स्वतः पाहिलं. काय जमाना आलाय!"

क्लार्क मात्र पुटपुटला, "कुठलं फोडलेलं? कुलूप जसंच्या तसं आहे, बघा. किल्ली एकच, ती चिटणीससाहेबांच्या खिशात." तेवढ्यात बाहेर एका तरुण शिक्षिकेने हातोडा उचलून घंटेवर टोला दिला. "शिपाई नाही का?" भाच्याने विचारलं.

"आहे की," क्लार्क म्हणाला. "पण इथे घंटा नव्या शिक्षकाकडे. पुढचा नवा येईपर्यंत सुटका नाही. पहिल्यापासूनची रीत आहे म्हणतात."

भूगोलाचे सर स्टाफरूममध्ये पाय पसरून बसले होते. बाईंबद्दल आकस नाही म्हणाले. "अहो, पहिल्याच दिवशी माझ्या गळ्यात घंटा पडली. हातोड्याच्या दांड्याला बाईंच्या ओढणीची निळी पट्टी! सगळे मला हसले. पण हात सोलला नाही, एवढे त्यांचे उपकार."

"मोठ्या मनाचे आहात," मावशी म्हणाल्या. परतताना भाचाही म्हणाला, "माणूस सज्जन वाटला." मावशींनी कपाळावर हात मारला.

दुसऱ्या दिवशी सुनावणीत मावशींनी सरांना तीच गंमत पुन्हा सांगायला लावली. सरांनी रंगवून सांगितली. अधिकारीही हसले.

"आता पाहा, साहेब," मावशी म्हणाल्या. "या शाळेत घंटा नव्या माणसाकडे असते. सरांच्या पहिल्याच दिवशी दांड्याला बाईंची ओढणी होती. म्हणजे त्याआधी घंटा बाई वाजवत होत्या. सर आधी लागले असते, तर त्या दिवशी पट्टी गुंडाळायला बाई शाळेत होत्याच कुठे?"

सरांचा चेहरा खर्रकन उतरला.

"आणि रजिस्टर?" अधिकाऱ्यांनी विचारलं.

"कुलूप शाबूत, किल्ली एक. फोडलेलं कुलूप फक्त चिटणीसांना दिसलं. शिफारशी ऐकणारा मुख्याध्यापक कुणाला हवा होता, तेही त्यांनाच विचारा."

"चिटणीसच मला म्हणाले," सर घाईघाईने बोलले, "'रजिस्टर माझ्या घरी आहे, तू फक्त हो म्हण.'"

अधिकाऱ्यांनी तिथल्या तिथे निर्णय दिला. मुख्याध्यापिका बाईच. चिटणीसांची चौकशी लागली.

भाच्याने हळूच विचारलं, "मावशी, मला कसं नाही सुचलं?"

"तू सरांचं हसू बघत होतास."

बाहेर चिटणीस बाईंजवळ आले. आवाज अजून गोडच. "बाई, एवढं ताणायचं कशाला? आपण एका कुटुंबातले. घरातलं घरात मिटवलं असतं."

"घरातल्याच बाईची नोकरी पुसायला निघालात, आणि वर कुटुंब म्हणता?" बाई म्हणाल्या. "रजिस्टर उद्या शाळा भरायच्या आत माझ्या टेबलावर पाहिजे. आणि आत येताना परवानगी मागून या."