एकतीस आकड्याचे दोन दगड

अंथुर्ण्यात आबाजींच्या अंगणात किलोमीटरचा एक जुना दगड आहे. आकड्याची बाजू भिंतीकडे. त्या रात्री लाईट गेली, सगळे अंगणात आले आणि सुमित त्या दगडावर टेकला.

"उठ त्याच्यावरनं," आबाजी म्हणाले.

"का, आबा? सरकारी माल म्हणून?"

"मुकादम रिटायर झाला, पण रुबाब गेला न्हाय," मेघना हसली.

आबाजी हसले नाहीत. नातवंडं खाली बसेपर्यंत थांबले.

"रावजी माझ्या हाताखाली मैलकुली हुता. रस्त्याचं सहा किलोमीटर त्याच्याकडं. खड्डं बुजवायचं, झाडं राखायची, दगड रंगवायचं. त्यानं त्या सकाळी मला जे सांगितलं, तेच सांगतो. पदरचं काय घालत न्हाय."

चौदा डिसेंबर दोन हजार तेवीस. मार्गशीर्षातला पहिला गुरुवार. संध्याकाळी सहा वाजता रावजी दुकानात गेला. काळ्या ऑइलपेंटचा लहान डबा, एक ब्रश आणि दोन पॉलिशपेपर घेऊन आला. सत्तरी उलटलेला माणूस. घरी आल्यावर त्यानं स्वतःच चूल पेटवली आणि दोन भाकरी थापल्या. पिठलं केलं. फडक्यात बांधलं.

पोरगा ज्ञानेश म्हणाला, "तात्या, जेवून घ्या की. बांधता कुणासाठी?"

"रानात जातोय."

"रानात रंग कशाला?"

रावजीनं रंगाचा डबा पिशवीत टाकला. दुपारी ज्ञानेशनंच बातमी आणली होती. बारामती-इंदापूर रस्ता रुंद होत होता. सकाळी मशीन येणार होतं. गावाच्या अलीकडचे, पलीकडचे सगळे जुने दगड निघणार होते.

रावजीची बायको द्वारकाबाई. शाळेचं तोंड न पाहिलेली. पण रावजी रोज सकाळी निघताना सांगायचा, आज अमक्या दगडाला काम हाय, आणि ती दुपारी भाकरी घेऊन बरोबर तिथं यायची. आकडे तिला त्यानंच शिकवले, दगडांवरच. आकड्यावरून बोट फिरवल्याशिवाय तिला वाचता यायचं नाही. रंग ओला असला तरी फिरवायची. रावजी ओरडायचा, "अगं, आत्ताच रंगवलाय त्यो!" ती पदराला बोट पुसायची आणि हसायची. त्यानं खाल्ल्याशिवाय घास मात्र तोंडात घालायची नाही.

वीस वर्षांमागं रस्त्याची मोजणी बदलली. सुरुवात तीन किलोमीटर मागून धरली, म्हणून सगळे आकडे तीननं वाढले. रावजीनं बारामतीकडून रंगवत आणलं. गावाच्या अलीकडचा अठ्ठावीस पुसून एकतीस केला. गावापलीकडचा जुना एकतीस तेवढा दुसऱ्या दिवसावर राहिला. म्हणजे त्या एका दिवसापुरते रस्त्यावर एकतीस आकड्याचे दोन दगड होते. एक गावाच्या अलीकडं, एक पलीकडं.

रात्री जेवताना त्यानं तिला सांगितलं, "आता जुनं आकडं इसर. नवा दगड सांगंल तेच खरं."

आणि सकाळी निघताना स्वतःच सवयीनं बोलून गेला, "एकतिसाला ये."

तो जुन्या एकतिसाला गेला. ती नव्या.

दुपार टळली. रावजी चिडला. इसरली असंल, म्हणाला. अंधार पडायला घरी आला, तर ती नाही. गेली असंल कुणाकडं, म्हणून हातपाय धुऊन बसला. उठून बघायला गेला नाही. साडेसातला माणसं सांगत आली. नव्या एकतिसापाशी, दिवा नसलेली उसाची ट्रॉली… ती दगडाला टेकूनच बसलेली होती. फडक्याची गाठ तशीच. सुटलेली नव्हती.

"मग मला म्हणाला, मुकादम, माझा पट्टा बदला," आबाजी म्हणाले. "मी बदलला."

पुढं ट्रॅक्टरवाले सांगायला लागले. रात्री त्या दगडापाशी एक बाई असते. त्रास देत नाही. एवढंच विचारते, "दादा, ह्यो एकतीसच हाय न्हवं?" व्हय म्हटलं तर परत खाली बसते. वीस वर्षं रावजी अंधार पडल्यावर तिकडं फिरकला नाही. पण आता दगडच निघणार होते. दगड गेले, तर तिला कोण सांगणार, चूक कुणाची झाली? ती बसायची कुठं?

रात्री पावणेदहाला तो निघाला. बॅटरी, रंग, भाकरी.

साडेदहाला गावाअलीकडच्या त्या दगडाशी पोचला. कुणी नव्हतं. आजूबाजूला उभा ऊस. त्यानं पॉलिशपेपरनं घासघासून एकतीस उडवला. पहिल्यासारखा अठ्ठावीस केला. मग मोठ्यानं म्हणाला, "द्वारका, ह्यो अठ्ठावीस हाय. एकतीस तिकडं हाय. मी चुकलो. चल."

तो गावाकडं चालू लागला. थोडं गेल्यावर मागं पावलं वाजली. तो थांबला. पावलं थांबली. मागं वळून बघायचं नाही, असं त्यानं ठरवलं होतं. भीतीनं नव्हे. वळलो, आणि कुणी नसलं तर…

गाव ओलांडलं. कुत्री पडून होती. एकही भुंकलं नाही.

बारा वाजून दहा मिनिटांनी तो जुन्या एकतिसाला आला. त्यावर आता चौतीस होता. घासला. एकतीस लिहिला. आकडा वळणदार आला. बॅटरी विझवली. दगडाच्या एका अंगाला बसला. फडकं मध्ये ठेवलं.

बराच वेळ काही नाही.

मग बांगडी वाजली. एकदाच.

दगडाच्या पलीकडच्या अंगाला कुणीतरी बसलं. लुगड्याची सळसळ. हवेत ओल्या रंगाचा वास. रावजीनं डोळे मिटून घेतले.

"द्वारका…"

…

"हितंच हुतो मी. दिसभर हितंच हुतो."

…

"शिव्या दे. कायतरी बोल."

…

"जेव तरी."

काही नाही. फक्त शेजारी कुणीतरी असल्याची ऊब. ती पहाटेपर्यंत होती. कोंबडा आरवला, तेव्हा गार वारं आलं. डोळे उघडले, तर बाजूला कुणी नाही.

"ज्ञानेश उजाडताच माझ्याकडं आला, तात्या घरी न्हाईत म्हणून. आमी दोघं धावत गेलो," आबाजी म्हणाले. "तिथंच बसलेला. मला म्हणाला, आबाजी, एक शब्द बोलली न्हाय. फडकं सोडून बघितलं, भाकरी तशीच. मी म्हटलं, अरं, तू तरी खायाचीस. तर म्हणतो, ती माझ्याआधी खात न्हाय… मी तिच्याआधी कसा खाऊ?"

सुमित दगडापासून थोडा सरकला.

"संक्रांत बघितली न्हाय त्यानं. मशीनवाल्याला इनंती करून त्यो दगड मी हितं आणला. खडीत घालवायचा जीव झाला न्हाय."

"पण आबा," मेघना हळूच म्हणाली, "म्हाताऱ्याला भास झाला असंल की."

"असंल. त्याची बोटं मी बघितली हुती. ब्रशाची दांडी धरलेल्या ठिकाणी रंग हुता. बोटांचं शेंडं कोरडं." आबाजी उठले. "मोबाइल घे. भिंतीकडच्या अंगाला बघ."

मेघनानं उजेड धरला. पांढऱ्या दगडावर काळा ३१. रंग ओला असताना त्यातून कुणीतरी बोट फिरवलं होतं. तिनाच्या वरच्या टोकापासून निघालेली पातळ पांढरी रेघ, सगळी वळणं धरत, घाई न करता, एकाच्या शेपटीपर्यंत आली होती. आणि तिथं, शेवटाला, एक गोल ठसा होता. बोट तिथं बराच वेळ टेकून राहिलं असावं.