साडेपाचची बस

माझी मेव्हणी मंजुश्री नटी आहे. दुसरबीडच्या शाळेतल्या गॅदरिंगपासून सुरुवात केली; पुढे नाटकं, मालिका, सिनेमे. कलेक्टरीण झाली, भिकारीण झाली, आणि खाष्ट सासू तर इतकी झक्क, की आमच्या गावातल्या सुना अजून तिच्या नावानं बोटं मोडतात. मुंबईचे लोक तिला अष्टपैलू म्हणतात. आम्हाला तिची पद्धत ठाऊक होती. नवी भूमिका मिळाली की ती आठ दिवस आमच्या घरी यायची, गावातली एखादी बाई हेरायची आणि तिच्याजवळ बसून राहायची. तिला शेंगा फोडू लागायची, तिच्याबरोबर पाणी भरायची. याला ती 'उचलणं' म्हणायची.

रुखमाबाईचं लंगडणं तिनं असंच उचललं. नाटकाचा पहिला प्रयोग झाला आणि त्याच आठवड्यात रुखमाबाई सरळ चालू लागली. तेलाचा गुण, असं ती सांगते. सत्यभामाबाईच्या हातांची थरथर मंजूच्या मालिकेनंतर थांबली. मी विज्ञानाचा मास्तर. दोन उदाहरणांवरून नियम काढत नाही. पण पुढच्या खेपेला मंजू एसटीतून उतरली ती लंगडतच, आणि चहाची कपबशी तिच्या हातात वाजत होती. सवय राहिली असेल, अशी मी स्वतःची समजूत घातली.

मग आमची एकुलती लेक काजल गेली. देऊळगाव राजाला कॉलेजात होती, डेंग्यूनं चार दिवसांत नेली. तेव्हापासून दोन वर्षं माझी बायको पुष्पांजली रोज साडेपाचला पदराला हात पुसत फाटकाशी जायची.

"अहो, काजलची बस आली का?"

मी काहीच बोलत नसे. काजलची बॅग खुंटीवरच होती. पुष्पांजलीचं जेवण तुटलं, अंगावर मांस राहिलं नाही. असंच चाललं तर ही हाती लागायची नाही, असं डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं.

यंदा मंजू आली ती लेक गमावलेल्या आईची भूमिका घेऊन. गावभर फिरली, पण सख्ख्या बहिणीकडे बघायचं टाळत होती. शेवटी मीच बोललो.

"मंजू, तुह्या आक्काले उचल ना."

तिच्या हातातली बशी वाजली.

"भाऊजी, मले परत देता येत नाही."

"परत कोण मागून राह्यलं?"

"लेकरू तिचं हाये. इचार करा."

"केला," मी म्हणालो. खरं तर केला नव्हता. मला माझी बायको हवी होती.

आठ दिवस साडेपाचला दोघी बहिणी फाटकाशी उभ्या राहिल्या. आठव्या दिवशी पुष्पांजलीनं प्रश्न विचारला तेव्हा मंजूचेही ओठ हलत होते.

सिनेमा आम्ही जालन्याला जाऊन पाहिला. पडद्यावर मंजू पदराला हात पुसत फाटकाशी आली आणि सगळं थिएटर रडलं. पुष्पांजली शेंगदाणे खात होती.

"काय काम करते हो आपली मंजू!"

दुसऱ्या दिवशी ती दोन भाकरी जेवली, वर ताक मागून घेतलं. खोटं कशाला सांगू, मला आनंदच झाला.

साडेपाचला एसटी आली, गेली. ती लसूण सोलत बसली होती.

मग उठली आणि खुंटीवरची बॅग घेऊन आली.

"अहो, ही कोणाची हाये हो? पट्टा चांगला हाये. भाजीले होईल."

मी बॅग तिच्या हातातून घेतली.

तेवढ्यात फोन वाजला. मंजूचा. मागे शूटिंगचा गलका चालला होता.

"भाऊजी," तिचा आवाज थकलेला होता, "काजलची बस आली का?"

दोन वर्षं मी या प्रश्नाला उत्तर दिलं नव्हतं.

"हाव," मी म्हणालो. "आली."

"मंग द्या ना तिच्याजवळ फोन."