खालच्या फळीवरची पेटी

"थांबा... पाय उचलू नका."

संवर्धन-केंद्रातला एसी दुरुस्त करायला आलेली ती दारातच खिळली. तिथला सांभाळणारा गुडघ्यांवर बसला, तिच्या बुटापासून बोटभर अंतरावरची गोगलगाय त्याने ओल्या पानावर घेतली आणि मगच वर पाहिले.

"जगात अशा चाळीससुद्धा उरल्या नाहीत. एक तुम्ही वाचवलीत."

"मी नुसती उभी राहिले."

"तेवढंच तर कुणी करत नाही..."

ती हसली. त्या संवर्धन-केंद्रात सारे त्याला ‘गोगलराव’ का म्हणतात, हे तिला उमगले. तोही हसला, पण जरा उशिराने.

आठच दिवसांत एसी पुन्हा बंद पडला. तारेचे एक टोक निसटले होते, एवढेच. तो पाने आणायला बाहेर गेला असताना एसीतून पाणी ठिबकू लागले. पाणी धरायला तिने खालच्या फळीवरची पेटी ओढली. आत तिला निव्वळ ओली माती दिसली. ती तिने खिडकीखालच्या वाफ्यात ओतली, काम झाल्यावर पेटी स्वच्छ धुतली आणि जागच्या जागी ठेवली. नीटनेटकेपणाचा तिला अभिमान होता.

दुसऱ्या दिवशी त्याचा फोन आला. आवाज बसलेला होता.

"खालच्या पेटीतल्या मातीत अकरा अंडी होती. झाडणाऱ्या मावशींनी टाकली, असं साहेब म्हणतात. मावशी नाही म्हणतात... पण उद्यापासून त्यांना येऊ नका म्हटलंय."

वाफ्यात ओतलेली माती तिला आठवली.

"अरेरे," ती म्हणाली. आणि फोन ठेवला.

अरेरे! तो एकच शब्द तिला टोचत राहिला. चोराच्या मनात चांदणे म्हणतात, तसे झाले. जेवणाचा डबा उघडला, तसाच बंद केला. तासाभरात ती केंद्रावर पोचली. मावशी आपली चप्पल पिशवीत भरत होत्या, तो शेजारी खाली मान घालून उभा होता.

"माती मी टाकली," ती म्हणाली. "फोनवर सांगायची हिंमत झाली नाही. मावशी, तुमच्याकडे बघायचीही लाज वाटते मला."

त्याचे कान लालबुंद झाले.

"तार..." तो अडखळला, "तार निसटली नव्हती. मीच सैल केली होती. तुम्ही पुन्हा यावं म्हणून."

मावशींनी दोघांकडे आळीपाळीने पाहिले.

"म्हणजे तुमच्या भेटीगाठींपायी माझी नोकरी जायची होती होय? चला आधी साहेबांकडे. जोडीनंच चला, सवय होईल."

साहेबांनी दोघांनाही फैलावर घेतले. मावशींची मात्र माफी मागितली. मग वाफ्यातली माती चमच्याचमच्याने चाळणे सुरू झाले. दिवस कलेपर्यंत चार अंडी सापडली, मोत्यासारखी. उरलेल्या सातांसाठी दोघे पुन्हा माती चाळू लागले.

"मला माफ करू नका इतक्यात," ती म्हणाली.

"मी कुठल्या तोंडानं करू?"

मातीने माखलेली दोघांची बोटे एकाच ढेकळावर आली. कुणीच हात मागे घेतला नाही.

"यापुढे तारेला हात लावायचा नाही," ती हळूच म्हणाली. "नुसतं ‘या’ म्हणायचं."

त्याने खूप वेळ घेतला. अगदी त्याच्या गोगलगाईंइतका.

"या..."