नुसती ओळख

काष्टीच्या झेरॉक्सच्या दुकानात ग्राफ पेपरचा एकच गठ्ठा उरला होता, आणि त्याच्यावर दोन हात एकदमच पडले. एक धनश्रीचा. दुसरा मक्याच्या भरड्याने पिवळा झालेला.

"घ्या... तुम्हीच घ्या," म्हणत त्याने हात मागे घेतला खरा, पण वरच्या कागदावर पाची बोटं उमटली. लाजून तो रुमालाने पुसायला लागला, तर डाग आणखीच पसरला. धनश्रीला हसू आवरेना.

ती जामखेडची. एम.एस्सी. होऊन इथल्या एका खासगी क्लासमध्ये गणित शिकवायची, मावशीकडे राहायची. दुसऱ्या दिवशी तिला दोन चलांतल्या रेषीय असमानता घ्यायच्या होत्या. तुम्हाला कशाला हवेत कागद, असं तिने सहज विचारलं, तर तोही त्याच धड्यात अडकलेला निघाला. पंकज त्याचं नाव. घरची पशुखाद्याची गिरणी. वडील आजारी पडल्यावर कॉलेज सुटलं होतं, आता बाहेरून पदवीला बसला होता.

"बरोबरचं चिन्ह असलं की जमतं," तो म्हणाला. "हे कमी-जास्त आलं की डोकं गरगरतं."

धनश्रीने अर्धे कागद त्याला दिले आणि क्लास सुटल्यावर यायला सांगितलं.

तो आला. मुलं गेल्यावर दोघं क्लासच्या पायरीवर बसले. हवेत साखर कारखान्याच्या मळीचा वास होता, आणि त्याच्या शर्टाला पेंडीचा. तिने गणित त्याच्या गिरणीतलंच घेतलं. एक्स किलो सरकी पेंड, वाय किलो मक्याचा भरडा. गाय आठ किलोच्या वर खाणार नाही. म्हणजे एक्स अधिक वाय, आठ किंवा त्याहून कमी. पेंडीची ताकद भरड्याच्या दुप्पट धरायची आणि एकूण ताकद दहा तरी हवी. म्हणजे दोन एक्स अधिक वाय, दहा किंवा त्याहून जास्त.

पंकजने दोन्ही रेषा काढल्या. दोन किलो पेंड, सहा किलो भरडा, इथे त्या एकमेकींना भेटल्या. मग पेन्सिल हवेतच थांबली. रेषेची कुठली बाजू रंगवायची, इथेच त्याचं दरवेळी घोडं अडायचं.

"एक बिंदू घालून बघायचा," ती म्हणाली. "शून्य-शून्य सगळ्यात सोपा. शून्य आठपेक्षा कमी, हे खरं. म्हणून पहिल्या रेषेची शून्याकडची बाजू. आता शून्य दहापेक्षा जास्त?"

"खोटं. मग दुसरीची पलीकडची बाजू."

दोन्ही छटा एकमेकींवर आल्या तिथे, आडव्या अक्षाच्या वर, एक त्रिकोण तयार झाला. त्याने त्यावर बोट ठेवलं.

"ह्यातला कुठलाही बिंदू चालतो?"

"कुठलाही. दोन्ही अटी पाळतो ना तो."

"कळलं." मग थोडं थांबून, तिच्याकडे न बघता — "परत एकदा शिकवा."

"कळलंय म्हणालात ना?"

"कळलंय. तरी शिकवा."

त्या हिवाळ्यात तिने त्याला तो धडा कितीदा शिकवला, कोण जाणे. तो शेंगा भाजून आणायचा, ती ओरडायची की आलेखावर टरफलं पाडू नकोस. 'मॅडम'ची धनश्री झाली, 'तुम्ही'चं 'तू' झालं. पेपर सुटला, निकाल लागला, आणि निकाल सांगायला आलेला पंकज तो सांगायचाच विसरला.

"माझ्याशी लग्न करशील?" तो म्हणाला. "आमचं घर बुद्धविहारामागं. तुझ्या घरी सोपं जाणार न्हाई, मला माहीत हाय. तू म्हणशील तेव्हा मी स्वतः येतो बोलायला."

"हो," ती म्हणाली. "पण घरी अण्णांना आधी मी सांगते. थोडा वेळ दे... देशील ना?"

त्याने दिला. तिनेच तो वापरला नाही. सुट्टीत जामखेडला गेली की शब्द ओठांपर्यंत यायचे, आणि कधी आईचा चेहरा बघून, कधी चुलत्यांचा आवाज ऐकून परत जायचे.

मग एकदा बाजाराच्या दिवशी तिचे अण्णा, म्हणजे वडील काकासाहेब, गाय बघायला म्हणून काष्टीला आले ते न कळवता क्लासवर. पंकज तिथेच होता. त्याने त्यांना खुर्ची दिली, पाणी दिलं, गाय घेताना काय बघायचं ते सांगितलं. काकासाहेब खूश दिसले.

"पोरगा कोण गं?"

पंकज तिच्याकडे बघत होता. घाबरून नव्हे, वाट बघत.

"कोणी नाही अण्णा... गिरणीवाले आहेत. नुसती ओळख आहे."

पंकजने रिकामा ग्लास उचलून जागेवर ठेवला. "येतो मॅडम," म्हणाला आणि गेला.

त्यानंतर तो क्लासकडे फिरकला नाही. धीर गोळा करून तिनेच फोन केला, रागावलास का विचारलं.

"राग न्हाई. वडिलांचा धाक असतो, कळतं मला," तो म्हणाला. "पण मी समोर उभा हुतो गं. नंतर सांगते अण्णा, एवढं म्हणाली असतीस तरी मी जन्मभर थांबलो असतो."

आधी घरी सांगू, मगच त्याच्यापुढे जाऊ, असं ठरवून ती थांबली, आणि थांबूनच राहिली. पुढे बेलापूरच्या कॉलेजात नोकरी लागली. पंकजचं लग्न झाल्याचं मावशीकडून कळलं, त्या दिवशीही तिने तास घेतला.

परवा मावशीकडे आली तेव्हा बाजारात तो अचानक समोर आला. सोबत बायको. धनश्रीला वाटलं, वळावं. पण तोच थांबला.

"दिपाली, ह्या धनश्री मॅडम. मला गणित ह्यांनी शिकवलं. लग्नाआधी माझं प्रेम हुतं म्हणून तुला सांगितलं हुतं ना... त्या ह्याच."

आजूबाजूला माणसं होती, ओळखीची होती. त्याचा आवाज जराही खाली आला नव्हता.

दिपालीने तिच्याकडे नीट पाहिलं. "माहीत आहे," ती म्हणाली. "घरी चला ना, चहा घेऊ."

काहीतरी सांगून निघायचं होतं. बसची वेळ, मावशीचं काम. धनश्रीने तोंड उघडलं, आणि भर बाजारात, सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात निघालं ते वेगळंच.

"माझंही होतं."

पंकजने मान खाली घातली. दिपालीने धनश्रीच्या हातातली भाजीची पिशवी काढून घेतली, आणि घराच्या वाटेने पुढे चालायला लागली.